रेसमिक म्हणजे नक्की काय? आणि गोळ्यांच्या नावातलं 'लेव्हो', 'डेक्स', 'एस' काय सांगतं?

मैत्रेयी_ऐरोली

नमस्कार मंडळी. हवा बदलली की आमच्या घरी शिंकांचा कारखाना सुरू होतो. सासूबाईंना नेहमी सेटिरिझिन १० मिग्रॅ चालायची, या वेळी डॉक्टरांनी लेव्होसेटिरिझिन ५ मिग्रॅ लिहून दिली. सासूबाईंचं म्हणणं, डोस निम्मा केला, आता कसल्या थांबतायत शिंका. मेडिकलवाल्या दादांना विचारलं तर म्हणाले, "आधीची रेसमिक होती मॅडम, ही प्युअर आहे." झालं, आता सासूबाईंना वाटतंय इतकी वर्षं भेसळीची गोळी खाल्ली!

लेक बारावीला आहे, तिच्या केमिस्ट्रीच्या पुस्तकात हॅलोजनच्या धड्यात हाच शब्द आहे. तिने व्याख्या घडाघडा म्हणून दाखवली, "एनॅन्शिओमर्सचं समप्रमाणातलं मिश्रण", पण त्याचा गोळीशी काय संबंध ते तिलाही सांगता येईना. मी कॉमर्सवाली. तर रेसमिक म्हणजे कमी शुद्ध का? आणि लेव्हो, डेक्स, एस, आर, डीएल ही सगळी अक्षरं एकच गोष्ट सांगतात का वेगवेगळी?

वाशी_सेक्टर_नऊ

'प्युअर' या शब्दाने सगळा घोळ केलाय. जाणकार येतीलच, मी पुढच्या बाकावर बसून वाचतो.

बारावीचा_फळा

मैत्रेयीताई, मी ठाण्यात अकरावी-बारावीला केमिस्ट्री शिकवतो, त्यामुळे हा प्रश्न दर वर्षी समोर येतो आणि मुलं व्याख्या पाठ करून पुढे जातात याचं मला खरंच वाईट वाटतं, कारण विषय फार सुंदर आहे.

कार्बनला चार हात. त्या चार हातांना चार वेगवेगळे गट लागले की त्या रेणूची दोन रूपं होऊ शकतात, एक रूप दुसऱ्याची आरशातली प्रतिमा. गट तेच, जोडणी तीच, वजन तेच, वितळण्याचा बिंदू तोच, पण एकावर एक ठेवायला गेलात तर बसत नाहीत, डाव्या-उजव्या चपलेसारखं. या दोन रूपांना एनॅन्शिओमर म्हणायचं. प्रयोगशाळेत साध्या पद्धतीने असा रेणू बनवला की दोन्ही रूपं सारखीच तयार होतात, निम्मं हे निम्मं ते. त्या निम्म्या-निम्म्या मिश्रणाला रेसमिक म्हणतात. बस.

आता शुद्धतेचं. सेटिरिझिनच्या गोळीतलं औषध ९९ टक्क्यांच्या वर शुद्ध असतं, त्यात दुसरा कुठलाही पदार्थ मिसळलेला नाही, दोन्ही रूपं सेटिरिझिनचीच. तेव्हा भेसळ हा शब्द आधी डोक्यातून काढायला सांगा सासूबाईंना.

दोन रूपांतला फरक दोनच ठिकाणी कळतो. एक, ध्रुवित प्रकाश (एकाच पातळीत कंप पावणारा) त्यातून सोडला तर एक रूप त्याला उजवीकडे वळवतं आणि दुसरं तेवढंच डावीकडे. रेसमिकमध्ये दोघांचं वळवणं एकमेकांना खाऊन टाकतं, यंत्रावर शून्य दिसतं. दुसरं, समोर जी वस्तू आहे तीच डावी किंवा उजवी असेल तेव्हा. आपल्या शरीरातली प्रथिनं अशीच एका बाजूची आहेत, म्हणून औषधाची दोन रूपं शरीरात वेगळी वागू शकतात.

निळी_छत्री

म्हणजे सासूबाईंचा डोस निम्मा झालाच नाही! १०च्या गोळीत ५ कामाचं आणि ५ सोबतीला, नव्या गोळीत नुसतं कामाचं ५. बरोबर ना सर?

बारावीचा_फळा

एकदम बरोबर. हे एका ओळीत लिहायला मला जमायला हवं होतं :)

रबाळे_थर्ड_शिफ्ट

मी रबाळेच्या एमआयडीसीत बल्क ड्रगच्या (गोळीतलं मूळ औषध बनवणाऱ्या) प्लांटला आहे. आमच्याकडे रेसमिक हा पुस्तकातला शब्द नाहीच, रोजचा आहे. "रेसमिक बेस चार्ज झाला का", "रेसमिकचा रिपोर्ट आला का" असंच बोलतात सगळे, अगदी ज्याने केमिस्ट्री सोडून वीस गोष्टी केल्यात तो हेल्पर पण. रेसमिक म्हणजे रिझोल्यूशनच्या आधीचा माल.

रिझोल्यूशन म्हणजे डावं-उजवं वेगळं करायचं. दोघांचे गुण सारखे मग वेगळे करायचे कसे, तर तिसरा आणायचा जो स्वतः एकाच बाजूचा आहे. आमच्याकडे अमाइन (नायट्रोजनवालं बेस) असेल तर टार्टारिक ॲसिड घालतात. रेसमिक बेस मिथेनॉलमध्ये, त्यात टार्टारिक, गरम करून सगळं विरघळवायचं, मग हळूहळू थंड. आता जे दोन क्षार होतात ते एकमेकांची आरशातली प्रतिमा राहत नाहीत, त्यामुळे त्यांची विद्राव्यता वेगळी. एक खाली बसतो, दुसरा एमएलमध्ये राहतो, एमएल म्हणजे मदर लिकर. थंड करताना चिमूटभर तयार स्फटिक टाकायचे, त्याला सीडिंग म्हणतात. सीड पडलं की दहा-पंधरा मिनिटांत साइट ग्लासमधून बघितलं तर आतलं पारदर्शक पाणी दुधाळ व्हायला लागतं, रात्रीच्या पाळीत टॉर्च मारून ते बघायला मला अजून आवडतं.

पण घाई केली, जॅकेटमध्ये ब्राइन (थंड करायचं मीठपाणी) लवकर सोडलं, की दुसरा क्षार पण त्याच्याबरोबर खाली येतो. मग सेंट्रिफ्यूजचा केक दिसायला पांढराशुभ्र, एचपीएलसीला, म्हणजे शुद्धता मोजायच्या यंत्राला, ९९ टक्क्यांच्या वर, आणि क्यूसीवाला (माल तपासणारा) म्हणतो एसओआर फेल. म्हणजे प्रकाश वळवण्याचा आकडा कमी. साध्या एचपीएलसीला डावं-उजवं दिसतच नाही, त्याला चायरल कॉलम, म्हणजे स्वतःच एका बाजूचा असलेला कॉलम, लागतो. तेव्हा 'शुद्ध' दोन प्रकारचं असतं हे आमच्याकडे पोराला पहिल्या आठवड्यात कळतं.

खाडीपलीकडचा

टार्टारिक म्हणजे चिंचेतलंच ना हो? लहानपणी आजी म्हणायची चिंचेने दात आंबतात ते टार्टारिकने.

रबाळे_थर्ड_शिफ्ट

हो चिंचेतलंच, द्राक्षातलं पण. निसर्गात ते एकाच बाजूचं तयार मिळतं म्हणून तर कामाचं.

कळव्याची_कार्टी

पवनेवरून जाताना गाडीच्या काचा वर करायच्या ते तुमच्यामुळे का दादा? 😄

रबाळे_थर्ड_शिफ्ट

आमच्या मिथेनॉलचा वास तिथपर्यंत नाही येत ताई, तेवढं दुसऱ्या कुणाच्या नावावर लिहा.

वाशी_सेक्टर_नऊ

एक विचारू का. रिझोल्यूशनमध्ये निम्मा माल वाया जातो मग? निम्मं एमएलमध्ये राहिलं त्याचं काय करता?

रबाळे_थर्ड_शिफ्ट

जास्तीत जास्त ५० टक्केच मिळणार, त्यात लॉस धरला की त्याहून कमी. रेणू तसा असेल तर एमएलमधलं नको असलेलं रूप परत रेसमिक करायचं, म्हणजे बेस किंवा उष्णता देऊन, आणि पुन्हा सुरुवातीला टाकायचं. ते जमलं तर प्रोडक्ट चालतं, नाही जमलं तर किंमत वाढते आणि एफ्ल्युएंटचा (सांडपाण्याचा) भार पण वाढतो. म्हणून नवीन पद्धतीत पहिल्यापासूनच एक बाजू बनेल असा कॅटॅलिस्ट वापरतात. २००१ चं केमिस्ट्रीचं नोबेल नोल्स, नोयोरी आणि शार्पलेस यांना याच कामाला मिळालं, आमच्या आरअँडडीच्या साहेबांनी सांगितलेलं.

साखरेचा_केमिस्ट

मी आता मुलाकडे खारघरला असतो, पण नोकरी सगळी साखर कारखान्याच्या लॅबमध्ये गेली. ध्रुवित प्रकाश हा विषय निघाला म्हणून राहवलं नाही.

आपल्याकडे ऊस उत्पादकाला 'रिकव्हरी' (उसातून किती साखर निघाली) माहीत असते, कारखान्यातल्या प्रत्येकाला 'पोल' माहीत असतो. हा पोल म्हणजे पोलरीमीटरवरचं रीडिंग. रस घ्यायचा, लेड सबॲसिटेट टाकून हलवायचा, घाण खाली बसली की गाळायचा. गाळून आलेला रस स्वच्छ, फिकट चहाच्या रंगाचा. तो २०० मिलिमीटरच्या नळीत भरायचा, बुडबुडा राहता कामा नये, राहिलाच तर नळीच्या फुगीर भागात सरकवायचा, आणि डोळा लावून दोन्ही अर्धी वर्तुळं सारखी उजळ होईपर्यंत चकती फिरवायची. जेवढा प्रकाश उजवीकडे वळला तेवढी साखर. गळीत हंगामात दिवसरात्र हेच.

मैत्रेयीताई, तुमच्या अक्षरांचं उत्तर साखरेत छान सापडतं. ऊस तोडून दोन-तीन दिवस पडून राहिला की साखर फुटते, तिचं ग्लुकोज आणि फ्रुक्टोज होतं. साखरेचं विशिष्ट वलन +६६.५ अंश. ग्लुकोज उजवीकडे वळवतो पण कमी, +५२.७. फ्रुक्टोज डावीकडे वळवतो आणि जोरात, −९२ च्या आसपास. दोन्ही मिळून बेरीज उणे येते. उजवीकडचा काटा डावीकडे उलटतो म्हणून त्याला इन्व्हर्ट शुगर म्हणतात. पोल पडला की समजायचं ऊस शिळा आलाय, शेतकऱ्याचंही नुकसान आणि कारखान्याचंही.

आणि गंमत बघा, डावीकडे वळवणाऱ्या फ्रुक्टोजचं नाव काय, डी-फ्रुक्टोज. तो 'डी' वळवण्याचा नाहीच.

निळी_छत्री

काका, मग इन्व्हर्ट शुगर पण रेसमिकच की! निम्मं ग्लुकोज निम्मं फ्रुक्टोज.

साखरेचा_केमिस्ट

नाही, इथेच बरेच जण फसतात. ग्लुकोज आणि फ्रुक्टोज एकमेकांच्या आरशातल्या प्रतिमा नाहीत, ते मुळात वेगळ्या जोडणीचे रेणू आहेत. निम्मं-निम्मं असून भागत नाही, डावं-उजवं त्याच रेणूचं पाहिजे. म्हणूनच इन्व्हर्ट शुगरचं वलन शून्य येत नाही, उणे येतं. रेसमिक असतं तर शून्य आलं असतं.

बारावीचा_फळा

काकांनी माझं अर्धं काम केलं. अक्षरांचं आता पूर्ण करतो, कारण इथेच सगळ्यात जास्त गोंधळ आहे.

लेव्हो आणि डेक्स्ट्रो, किंवा (−) आणि (+), हे यंत्रावर मोजलेलं, प्रकाश कुठे वळला ते. आर आणि एस हे कागदावर ठरतं, कान, इंगोल्ड आणि प्रेलॉग यांनी घालून दिलेले नियम आहेत, चार गटांना क्रम लावायचा आणि घड्याळाच्या दिशेने की उलट ते बघायचं. मोठे डी आणि एल हे त्याहून जुने, ग्लिसराल्डिहाइडशी तुलना करून दिलेले, आज साखर आणि अमिनो आम्लांत टिकून आहेत. या तिघांचा एकमेकांशी ठरलेला संबंध नाही. लेव्होसेटिरिझिन आर आहे, लेव्होफ्लोक्सासिन एस आहे, आणि दोन्ही प्रकाश डावीकडेच वळवतात. रबाळेकरांचं चिंचेतलं टार्टारिक नावाने एल आहे आणि वळवतं उजवीकडे.

पाकिटावर 'डीएल' किंवा 'आरएस' दिसलं की ते रेसमिक. कोंबड्यांच्या खाद्यात डीएल-मिथिओनिन घालतात ते तसंच, कोंबडीचं शरीर डी रूपाचं एल करून घेतं म्हणून चालून जातं.

आणि शब्द कुठून आला ते एका वाक्यात, लॅटिनमध्ये द्राक्षाच्या घडाला रासेमुस म्हणतात, वाइनच्या पिंपात सापडलेल्या आम्लाला रेसमिक ॲसिड नाव पडलं. लुई पाश्चरने १८४८ मध्ये, वयाच्या पंचविशीत, त्याच आम्लाच्या सोडियम अमोनियम क्षाराचे स्फटिक भिंगाखाली बघितले तर काहींचे कोपरे एका बाजूला कापलेले, काहींचे दुसऱ्या. त्याने चिमट्याने दोन ढीग केले. एक ढीग प्रकाश उजवीकडे वळवतो, दुसरा डावीकडे, दोन्ही एकत्र केले तर शून्य. बियो नावाच्या ज्येष्ठ शास्त्रज्ञाने त्याला आपल्यासमोर पुन्हा करून दाखवायला लावलं होतं. शिवाय हा क्षार साधारण २७ अंशांच्या खालीच असे वेगवेगळे स्फटिक देतो.

कळव्याची_कार्टी

म्हणजे पाश्चर ठाण्यात मे महिन्यात असता तर शोध लागलाच नसता!

मुलुंडचा_पाहुणा

सगळं वाचलं, चांगलं चाललंय, पण माझं मत जरा वेगळं आहे. एकच रूप म्हणजे भारी असं जे पसरवलंय ते मला पटत नाही. बऱ्याच वेळा जुन्या औषधाचं पेटंट संपत आलं की त्यातलं निम्मं रूप वेगळं काढायचं, नवीन नाव, नवीन पेटंट, चढी किंमत. याला 'चायरल स्विच' असं नावच आहे. ॲसिडिटीच्या ओमेप्राझोलचं इसोमेप्राझोल असंच आलं, २००० सालाच्या आसपास, बरोब्बर जुनं पेटंट संपायच्या वेळेला. पेशंटला फरक किती पडतो?

गोळी_पाकीट_बिल

मी फार्मासिस्ट, नौपाड्यात काउंटरवर असते. मुलुंडकर, तुमचं अर्धं पटतं आणि अर्धं अजिबात नाही. प्रत्येक औषधाला वेगळं उत्तर आहे, सरसकट बोललं की फसतो.

आयबुप्रोफेन घ्या. काम करतं एस रूप, पण आर रूपाचा बराचसा भाग शरीर स्वतःच एसमध्ये बदलून घेतं. म्हणून रेसमिक आयबुप्रोफेन जगभर इतकी वर्षं आरामात चाललंय. इसोमेप्राझोलचा फरक आहे, पण रोजच्या ॲसिडिटीला तो किती मोलाचा यावर वाद करता येतो, तिथे मी तुमच्या बाजूला.

पण लेव्होडोपा? पार्किन्सनच्या पेशंटना सुरुवातीला डीएल-डोपा दिला गेला तेव्हा रक्तातल्या पांढऱ्या पेशी कमी होण्याचा त्रास दिसला. नंतर नुसतं एल रूप वापरायला लागले आणि तेच आजपर्यंत चालू आहे. तिथे चढ्या किमतीचा विषयच नाही.

आणि काउंटरवरची एक गोष्ट कळकळीने सांगते. बीपीची अॅम्लोडिपिन ५ आणि एस-अॅम्लोडिपिन २.५ ही जवळपास सारख्याच ताकदीची, कारण काम एस रूपच करतं. पण लोक आकडा बघतात. परवा एक आजोबा आले, एस-अॅम्लोडिपिन २.५ चालू, शेजाऱ्याने सांगितलं तुमचा डोस फार कमी आहे, म्हणून घरातल्या जुन्या ५च्या साध्या गोळीतली पण रोज एक घ्यायला लागले. पायाला सूज आली होती. डॉक्टरांकडे पाठवलं लगेच. मिलिग्रॅमची तुलना त्याच नावाच्या औषधात करायची, एस लागलं, लेव्हो लागलं, इस लागलं, की नाव बदललं समजा. आणि गोळी बदलायची तर डॉक्टरांना विचारूनच.

भूल_आणि_जाग

गोळी_पाकीट_बिल यांना दुजोरा. मी भूलतज्ज्ञ. ब्युपिव्हाकेन हे जागा बधिर करायचं औषध रेसमिक आहे आणि चुकून रक्तवाहिनीत जास्त गेलं तर हृदयाला धोका असतो. लेव्होब्युपिव्हाकेनमध्ये तो धोका कमी. मोठ्या डोसच्या ब्लॉकला (नस बधिर करायच्या इंजेक्शनला) मला हा फरक महत्त्वाचा वाटतो.

खाडीपलीकडचा

थॅलिडोमाइडचं ऐकलंय मी. एक रूप चांगलं, एक वाईट, वाईट काढलं असतं तर ती बाळं वाचली असती, असं.

गोळी_पाकीट_बिल

असं सांगतात खरं, पण ते पूर्ण नाही. १९५७ मध्ये पश्चिम जर्मनीत बाजारात आलं, गरोदर बायकांना मळमळीवर दिलं गेलं, १९६१ मध्ये मागे घेतलं तोवर जगात दहा हजारांच्या वर बाळं हातापायांत व्यंग घेऊन जन्मली. अमेरिकेत एफडीएच्या, म्हणजे औषधांना परवानगी देणाऱ्या सरकारी खात्याच्या, फ्रान्सिस केल्सी यांनी पुरावे अपुरे म्हणून परवानगी अडवून धरली, म्हणून तिथे फार थोडक्यावर निभावलं. पण थॅलिडोमाइडची दोन रूपं शरीरात एकमेकांत बदलत राहतात. 'चांगलं' रूप वेगळं करून दिलं असतं तरी पोटात गेल्यावर दुसरं तयार झालंच असतं. गरोदर बाईला ते कुठल्याच रूपात देता येत नाही. आज कुष्ठरोगातल्या एका प्रतिक्रियेवर आणि मायलोमावर (रक्ताच्या एका कॅन्सरवर) ते कडक नियमांत वापरतात. १९९२ मध्ये एफडीएने दोन्ही रूपांचा स्वतंत्र अभ्यास करा असं धोरण काढलं, तेव्हापासून नवीन औषधं बहुतेक एकाच रूपात येतात.

शेपूची_भाजी

गंभीर चर्चेत माझं स्वयंपाकघर आणते, रागावू नका. कार्व्होन नावाचा एकच रेणू, त्याचं आर रूप पुदिन्याच्या वासाचं आणि एस रूप बाळंतशेपांत, हे मी एमएस्सीला शिकले. प्रॅक्टिकलला दोन बाटल्या फिरवल्या होत्या, लेबल झाकून. बहुतेकांना विचारा, दोन्ही वेगळ्या आहेत हे नाक लगेच सांगतं. म्हणजे आपल्या नाकातले रिसेप्टर पण एका बाजूचे. पुढच्या वेळी बाळंतशेपा भाजताना जवळ पुदिन्याची जुडी ठेवून आलटून पालटून वास घ्या.

साखरेचा_केमिस्ट

कापूर पण सांगा मग. झाडाचा कापूर उजवीकडे वळवणारा. बाजारातला पूजेचा बहुतेक कापूर टर्पेंटाइनपासून कारखान्यात होतो आणि तो रेसमिक निघतो.

निळी_छत्री

रोज रेसमिक आरती करतोय हे आज कळलं! देवाला दोन्ही बाजू चालतात.

मुलुंडचा_पाहुणा

फार्मासिस्ट ताई, पटलं. औषधागणिक बघायचं. किमतीचा मुद्दा मात्र मी सोडत नाही, डॉक्टरांना "साधं रेसमिक चालेल का" एवढं विचारायला काय हरकत आहे.

गोळी_पाकीट_बिल

अजिबात हरकत नाही, विचाराच. सेटिरिझिन-लेव्होसेटिरिझिनमध्ये तर बऱ्याच जणांना दोन्ही चालतात, एखाद्याला एकाने झोप जास्त येते तर तेही सांगा.

मैत्रेयी_ऐरोली

सगळ्यांचे खूप आभार. सासूबाईंना निळी_छत्री यांची ओळ वाचून दाखवली, "५ कामाचं आणि ५ सोबतीला", लगेच पटलं, गोळी घेतली. लेकीने मात्र सगळा धागा वाचून नवीन प्रश्न काढलाय. तिच्या पुस्तकात एका गटाच्या जागी दुसरा गट येण्याचे एसएन१ आणि एसएन२ असे दोन मार्ग आहेत, एसएन१ मध्ये रेसमायझेशन होतं असं आहे आणि एसएन२ मध्ये इन्व्हर्जन. काकांच्या साखरेचं इन्व्हर्जन आणि हे एकच का? आणि एसएन१ ला अगदी निम्मं-निम्मं का व्हावं?

बारावीचा_फळा

फार चांगला प्रश्न, तिला शाबासकी सांगा. साखरेचं इन्व्हर्जन म्हणजे यंत्रावरची खूण बदलली, तिथे रेणू फुटला. एसएन२ मधलं इन्व्हर्जन म्हणजे एकाच कार्बनवर येणारा गट मागच्या बाजूने घुसतो आणि बाकीचे तीन गट दुसरीकडे वळतात, त्याला वॉल्डेन इन्व्हर्जन म्हणतात. दोन्ही वेगळे.

एसएन१ ला आधी जाणारा गट निघून जातो, उरतो तो सपाट कार्बोकॅटायन (धन भार असलेला कार्बन). सपाट असल्यामुळे पाण्याचा रेणू वरून येवो की खालून, संधी सारखी, म्हणून दोन्ही रूपं जवळपास सारखी. ३-ब्रोमो-३-मिथाइलहेक्झेन घेऊन कागदावर काढायला सांगा, दोन्ही बाजूंनी बाण दाखवून. पेपरात 'रेसमिक मिश्रण मिळते' एवढं लिहिलं की गुण मिळतात, पण प्रत्यक्षात ब्रोमाइड निघताना काही क्षण त्याच बाजूला रेंगाळतो आणि ती बाजू थोडी अडवतो, त्यामुळे उलटलेलं रूप बऱ्याचदा किंचित जास्त निघतं.

रबाळे_थर्ड_शिफ्ट

आणि ते किंचित जास्त किती, ते मोजायला आमच्याकडे 'ईई' म्हणतात, म्हणजे एक रूप दुसऱ्यापेक्षा किती टक्क्यांनी जास्त. ९९ला १ असेल तर ईई ९८, निम्मं-निम्मं असेल तर ईई शून्य. लेकीला सांगा एन्ट्रन्सला विचारतात.